गुंड्याभाऊंचा नट : बाळ कर्वे यांच्या निमित्ताने

बाळ कर्वे यांचे २८ ऑगस्ट २०२५ रोजी विलेपार्ले येथील राहत्या घरी निधन झाले. तीनच दिवसांपूर्वी, २५ ऑगस्टला, त्यांनी वयाची पंचाण्णव वर्षे पूर्ण केली होती. त्यांच्या निधनाच्या बातम्यांत त्यांच्या नावाआधी गुंड्याभाऊचे नाव येत होते; कर्वे गेले असे सांगण्यापूर्वी गुंड्याभाऊ गेला असे सांगावे लागत होते, त्यावाचून वाचकाला ओळख पटली नसती. एखाद्या नटाच्या वाट्याला येणारे हे फार मोठे भाग्य आहे असे म्हणण्याची आपल्याकडे पद्धत आहे. मला त्याची खात्री वाटत नाही. मृत्युलेख लिहिण्याचा येथे हेतू नाही. तो लिहिण्यासाठी लागणारी व्यक्तिगत ओळख माझ्यापाशी नाही. मला पडलेला प्रश्न वाङ्मयेतिहासाच्या अभ्यासकाचा आहे. ज्या नटाचे मुख्य काम आपण पाहिलेले नाही, आणि आपल्या विद्यार्थ्यांनाही सहजी दाखवू शकत नाही, त्याचा इतिहास लिहायचा कसा?

हा प्रश्न वर्गात आला. पदव्युत्तर वर्गाला साहित्यकृतीचे माध्यमांतर शिकवताना आपण कथा घेतो, पटकथा घेतो, दिग्दर्शकाच्या दृष्टिकोनाची चर्चा करतो. उत्तरपत्रिकेत लेखकाचे नाव येते, दिग्दर्शकाचे येते. नटाचे नाव आलेच तर ‘यांनी भूमिका केली’ एवढ्यापुरते. चिं. वि. जोशी यांच्या चिमणरावावर बोलत असताना बारामती–नीरा रस्त्यावरच्या कोऱ्हाळे बुद्रुकहून येणारा एक विद्यार्थी म्हणाला, “सर, पुस्तक वाचलं. चिमणराव डोळ्यांपुढं येतो. पण गुंड्याभाऊ येत नाही. तो बघायचा कुठं?” मी त्याला १९७९च्या चित्रपटाचे नाव सांगितले आणि वेळ मारून नेली. घरी आल्यावर लक्षात आले की त्याचा प्रश्न दिसतो तितका साधा नव्हता. गुंड्याभाऊ डोळ्यांपुढे येत नाही, याचे कारण चिं. विं.च्या कथनपद्धतीतच आहे.

चिंतामण विनायक जोशी (१८९२–१९६३) यांचा ‘चिमणरावाचे चऱ्हाट’ हा संग्रह १९३३ सालचा. पुढे ‘आणखी चिमणराव’ आला आणि या कुटुंबाचा पसारा वाढत गेला. चिमणराव, त्यांची पत्नी काऊ, मोरू, मैना, राघू ही मुले आणि या सगळ्यांच्या संसारात वेळीअवेळी शिरणारा गुंड्याभाऊ. कथा सांगतात ते बहुतेक वेळा स्वतः चिमणराव. ते कारकून, प्रकृतीने बेताचे, स्वभावाने भिडस्त, आणि आपल्या भिडस्तपणाला सज्जनपणा समजणारे. चिं. विं.चा विनोद या समजुतीवर उभा आहे. चिमणरावांना जे कळत नाही ते वाचकाला कळते, आणि आपल्याला ते कळले आहे हे चिमणरावांना कळत नाही. निवेदकाच्या या भोळसट आरशात गुंड्याभाऊ पडतो तेव्हा त्याचे प्रतिबिंब चिमणरावांच्या कौतुकाने आणि धास्तीने रंगलेले असते. अंगाने दणकट, हातात सोटा, तोंडाने फटकळ, जिथे शब्दाने भागेल तिथेही हात उगारायला तयार. पण हे सारे आपल्याला चिमणराव सांगतात म्हणून माहीत. गुंड्याभाऊच्या मनात काय चालले आहे हे चिमणरावांना ठाऊक नसते, म्हणून आपल्यालाही नसते. साहित्यात अशा पात्राला चालून जाते; किंबहुना त्याचे आतले काही दिसत नाही म्हणूनच ते गमतीदार वाटते. सरव्हांटीसच्या कादंबरीत सांचो पांझाला निदान स्वतःचे बोलणे भरपूर आहे. गुंड्याभाऊकडे आहे ती कृती.

पडद्यावर आले की हा निवेदक नाहीसा होतो. चिमणराव सांगायचे थांबतात आणि इतरांसारखेच चौकटीत येऊन बसतात. त्यांचा भोळसट आरसा काढून घेतला की गुंड्याभाऊ आपल्याला प्रथमच थेट दिसतो, आणि मग त्याला चेहरा लागतो, चाल लागते, दुसरा बोलत असताना काय करायचे हे ठरवावे लागते. चिं. विं.नी जे लिहिलेले नाही ते नटाला पुरवावे लागते. चिमणरावाच्या भूमिकेत नटाला लेखकाची वाक्ये उचलून देतात. गुंड्याभाऊच्या भूमिकेत लेखकाने मोकळ्या सोडलेल्या जागा नटाने भरायच्या असतात. माध्यमांतराच्या चर्चेत नटाचा विचार का हवा याचे यापेक्षा चांगले उदाहरण मला मराठीत आठवत नाही.

हे काम कर्वे यांच्याही आधी एकदा झाले होते. ‘नवयुग’ चित्रपटसंस्थेसाठी मास्टर विनायक यांनी १९४० साली ‘लग्न पहावं करून’ काढला आणि १९४२ साली ‘सरकारी पाहुणे’. दोन्हींत दामुअण्णा मालवणकर चिमणराव होते आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. गंमत अशी की कथांमध्ये जोग हे आडनाव चिमणरावांचे आहे. ते चित्रपटात गुंड्याभाऊच्या नटाकडे गेले. मालवणकरांच्या तिरळ्या नजरेने अर्धा विनोद आधीच केलेला असे. १९४० साली हे विश्व समकालीन होते. चिमणरावांची कचेरी, त्यांचा पोशाख, लग्न जुळवण्याची यातायात, हे प्रेक्षकांच्या घरातलेच होते. पडद्यावर ते ओळखीचे म्हणून हसू यायचे. पुढे जवळजवळ चाळीस वर्षांनी तीच माणसे दूरदर्शनवर आली तेव्हा ती जुन्या काळची झालेली होती. प्रेक्षक त्यांच्याकडे आजोबांच्या फोटोकडे पाहावे तसे पाहणार होता. अशा वेळी नट थोडासा जरी ‘जुन्या काळचा’ अभिनय करू लागला तर सगळे चित्र नकलेचे होते. चिमणराव निभावून जाईल, कारण मुळातच तो थोडा व्यंगचित्रासारखा आहे. गुंड्याभाऊ निभावत नाही. तो खरा वाटला नाही तर नुसता आडदांड उरतो.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि बरोबर एक वर्षाने सिंहगडावरून पुण्याला त्याचे प्रक्षेपण मिळू लागले. १ एप्रिल १९७६ रोजी दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळे झाले. एकच वाहिनी, संध्याकाळचे मोजके तास, कृष्णधवल चित्र. त्या केंद्राचा पहिल्या दहा वर्षांचा इतिहास हा बऱ्याच अंशी मराठी रंगभूमीचा आणि मराठी साहित्याचा इतिहास आहे, कारण तिथे आलेली माणसे आणि तिथे वापरलेला मजकूर या दोन ठिकाणांहूनच आला होता. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात निर्मात्या विजया जोगळेकर-धुमाळे यांनी चिं. विं.च्या कथांवरून ‘चिमणराव-गुंड्याभाऊ’ ही मालिका केली. चिमणराव झाले दिलीप प्रभावळकर, गुंड्याभाऊ बाळ कर्वे.

येथे एक तक्रार नोंदवून ठेवतो. भारतीय दूरचित्रवाणी मालिकेचा इतिहास सांगताना जवळजवळ सगळे जण ७ जुलै १९८४ला, म्हणजे ‘हम लोग’च्या पहिल्या भागापासून, सुरुवात करतात. राष्ट्रीय प्रसारण, प्रायोजक आणि शेकड्यातले भाग हे निकष लावले तर ते बरोबरही आहे. परंतु तीच माणसे, तेच घर, दर भागात नवा प्रसंग, आणि प्रेक्षकाने पुढच्या भागाची वाट पाहणे, ही मालिकेची व्याख्या मानली तर मराठीत ती त्याआधी काही वर्षे सिद्ध झाली होती. तीसुद्धा १९३३च्या विनोदी कथासंग्रहाच्या बळावर. चिं. विं.च्या कथा मुळातच त्या घडणीच्या होत्या. प्रत्येक कथा स्वतंत्र, माणसे तीच. नियतकालिकाच्या वाचकाला जी सवय लागली होती तीच दूरदर्शनच्या प्रेक्षकाला लागली. साहित्याच्या विद्यार्थ्याने हे सोडून देण्यासारखे नाही.

बाळ कर्वे यांचा जन्म १९३०चा. अभियांत्रिकीचे शिक्षण पुण्यात झाले, नोकरी मुंबई महानगरपालिकेत केली, ती तब्बल ३२ वर्षे. अभिनयाचे धडे त्यांनी विजया मेहता आणि विजया जोगळेकर-धुमाळे यांच्याकडे घेतले. पार्ल्यात सुमंत वरणगावकर यांच्यासमवेत ‘किलबिल बालरंगमंच’ ही संस्था काढून मुलांची नाटके केली. दूरदर्शनवर गुंड्याभाऊ साकारला तेव्हा ते पन्नाशीच्या जवळ आलेले होते, तर प्रभावळकर (जन्म १९४४) त्यांच्याहून चौदा वर्षांनी लहान. म्हणजे या जोडीतला जो बेफिकीर, नोकरीच्या बंधनाला न जुमानणारा, तो प्रत्यक्षात रोज कचेरीत सही करणारा, आणि हाताशी दोन पिढ्यांचा अनुभव असलेला प्रौढ गृहस्थ होता.

त्या पिढीतील मराठी नटांकडे पाहिले की ही नोकरी वारंवार आडवी येते. कोणी महापालिकेत, कोणी बँकेत, कोणी विमा कंपनीत. प्रभावळकरही औषधनिर्मिती कंपनीत काम करत होते. दिवसा नोकरी, संध्याकाळी तालीम, शनिवार-रविवार प्रयोग. या व्यवस्थेकडे आपण ‘हौशी’ हा शब्द लावून मोकळे होतो, आणि तो शब्द नकळत कमी लेखणारा आहे. वस्तुस्थिती अशी की पगाराच्या शाश्वतीमुळे या माणसांना पडेल ती भूमिका पत्करावी लागली नाही. आणि त्याच पगारामुळे हवी ती भूमिका मिळवण्यासाठी सगळे सोडून बाहेर पडणेही जमले नाही. सुटीचे दिवस मोजून ठेवायचे. दौऱ्यावर जायचे की नाही, हे रजेवर ठरायचे. मराठी रंगभूमीच्या अर्ध्या इतिहासावर कचेरीच्या हजेरीपटाची छाया आहे, पण नाट्येतिहासाच्या ग्रंथांत हजेरीपट कुठेच येत नाही. प्रभावळकर पुढे त्या छायेतून बाहेर पडले. कर्वे निवृत्तीपर्यंत तिच्यात राहिले.

गुंड्याभाऊची भूमिका नटाकडून नेमके काय मागते? पहिली गोष्ट, कमी बोलणे. जोडीतला विनोद नेहमी असमान असतो. एक जण बोलतो आणि फसतो; दुसरा ऐकतो आणि पेटतो. हशा बोलणाऱ्याच्या वाक्यावर आला असे वाटते, परंतु तो पुष्कळदा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर आलेला असतो. रंगमंचावर ऐकणाऱ्याला अंधाराचा थोडा आसरा असतो. दूरदर्शनच्या छोट्या पडद्यावर दोन माणसे चौकटीत घेतली की तिसऱ्यासाठी जागा उरत नाही आणि दुसऱ्याला लपायला जागा उरत नाही. चिमणराव आपली कैफियत सांगत असताना गुंड्याभाऊचा पारा चढत चालला आहे हे संवादाविना दिसावे लागते, आणि तो फार लवकर चढला तर पुढच्या प्रसंगाला काही शिल्लक राहत नाही. दुसरी गोष्ट, जिव्हाळा. गुंड्याभाऊ ज्याच्यासाठी भांडतो त्या माणसाला तो घडीघडी मूर्ख म्हणतो. या दोन गोष्टींत विसंगती नाही हे प्रेक्षकाला पटले तरच जोडी टिकते. चिं. विं.नी ते पटवण्याचे काम चिमणरावांच्या कौतुकभरल्या निवेदनावर सोपवले होते. निवेदक गेल्यावर ते काम नटाच्या अंगावर आले. प्रेक्षकांनी गुंड्याभाऊला मारकुटा न समजता घरचा समजले, आणि पंचेचाळीसहून अधिक वर्षे समजत राहिले, याचा अर्थ ते काम झाले होते. याहून वेगळा पुरावा नटाच्या बाबतीत क्वचितच मिळतो.

माझे एक ज्येष्ठ सहकारी शाळकरी वयात पुण्यात नातेवाइकांकडे राहत. त्यांनी ही मालिका पाहिलेली आहे. त्यांना मी खोदून विचारले, तेव्हा एकाही भागाची गोष्ट त्यांना सलग सांगता आली नाही. एकही संवाद आठवला नाही. आठवले ते एवढेच की वाड्यातल्या एका घरी संच होता, त्या संध्याकाळी खोलीत पाय ठेवायला जागा नसे, आणि ‘गुंड्याभाऊ आता येईल’ असे मोठी माणसेही म्हणत. मग ते उठले आणि खोलीतल्या खोलीत चार पावले चालून दाखवली. साठी उलटलेला मराठीचा प्राध्यापक गुंड्याभाऊसारखा चालत होता. त्या चालीत कर्वे किती आणि सहकाऱ्यांची स्मृती किती, हे मी सांगू शकत नाही. पण पुस्तकातून ती आली नव्हती हे नक्की, कारण पुस्तकात चाल नाही.

१९७९ साली याच जोडीला घेऊन ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ हा चित्रपटही निघाला. त्यानंतर दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. प्रभावळकरांनी ‘हसवाफसवी’त एकाच नाटकात अनेक माणसे उभी केली, ‘चौकट राजा’ (१९९१) केला, ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ या मालिकेत आबा झाले, ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मध्ये गांधी. प्रत्येक नव्या भूमिकेने आधीची भूमिका मागे ढकलली, आणि चिमणराव हा त्यांच्या कारकिर्दीचा पहिला टप्पा होऊन बसला. कर्वे यांच्या गुंड्याभाऊला मागे ढकलणारी भूमिका त्यांना मिळाली नाही. म्हणून त्यांनी पुढे काही केले नाही असा समज होतो, तो साफ चुकीचा आहे. ‘रथचक्र’, ‘तरुण तुर्क म्हातारे अर्क’, ‘संध्याछाया’, ‘सूर्याची पिल्ले’, ‘आई रिटायर होतेय’, ‘कुसुम मनोहर लेले’ ही नाटके पाहा. पेंडसे, तोरडमल, दळवी, कानेटकर, पाटोळे, समेळ. आपण एम. ए.च्या वर्गात ज्याला सत्तरोत्तर मराठी नाटक म्हणतो त्याच्या व्यावसायिक अंगाची ही जवळजवळ अनुक्रमणिकाच आहे, आणि एक नट तीतून आरपार गेलेला आहे. ‘लपंडाव’, ‘गोडीगुलाबी’ असे चित्रपट झाले. खाजगी वाहिन्या आल्यावर ‘प्रपंच’ आली. आल्फा मराठी १९९९मध्ये सुरू झाली तेव्हाच्या पहिल्या मालिकांपैकी ती एक. त्याही पुढे ‘राधा ही बावरी’, ‘उंच माझा झोका’. म्हणजे कृष्णधवल दूरदर्शनपासून रमाबाई रानड्यांवरील मालिकेपर्यंत मराठी दूरचित्रवाणीचे सगळे कालखंड या एका माणसाने आतून पाहिले. तरीही त्यांच्याबद्दल लिहिताना आपल्याला ‘गुंड्याभाऊ’ सोडून दुसरा शब्द सुचत नाही.

अल्पपरिचित हा शब्द मी वापरला तर कोणी म्हणेल, गुंड्याभाऊ कुठे अल्पपरिचित होता? त्याचे उत्तर माणसाने कुठे उभे राहायचे यावर आहे. मी जिथे शिकवतो त्या नीरा खोऱ्यात उभे राहून पाहिले तर चित्र निराळे दिसते. १९७५–७६ साली उपग्रहाद्वारे खेड्यांपर्यंत दूरचित्रवाणी नेण्याचा देशव्यापी प्रयोग झाला, २४०० गावांत संच बसवले गेले. परंतु निवडलेल्या सहा राज्यांत महाराष्ट्र नव्हता. मुंबईचे प्रक्षेपण पुण्यापर्यंत आले ते शहराच्या हिशेबाने. कोऱ्हाळे बुद्रुकसारख्या गावांत त्या काळी नीरा डाव्या कालव्याचे पाणी होते, उसाचे पीक होते, साखर कारखाना होता, थोडाबहुत पैसाही होता. पण टीव्हीची सवय नव्हती. ती लागली ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर. १९८४ साली देशभर जवळजवळ रोज एक या वेगाने लहान प्रक्षेपक उभे राहिले, आणि त्यावरून आली ती राष्ट्रीय प्रसारणाची हिंदी. जानेवारी १९८७मध्ये ‘रामायण’ सुरू झाले आणि रविवारी सकाळी गावे ओस पडू लागली. माझ्या विद्यार्थ्यांच्या आईवडिलांना टीव्हीवरचा पहिला ओळखीचा चेहरा विचारला तर ते अरुण गोविल यांचे नाव घेतात. चिमणराव-गुंड्याभाऊ त्यांनी पाठ्यपुस्तकात किंवा ग्रंथालयात वाचले असतील, पाहिलेले नाहीत.

याचा अर्थ असा की ज्याला आपण ‘घराघरांत पोहोचलेला’ म्हणतो तो गुंड्याभाऊ मुंबई–पुण्याच्या पट्ट्यातील, संच परवडणाऱ्या किंवा शेजारी संच असलेल्या घरांत पोहोचलेला होता. ती घरे मोठ्या प्रमाणात चिं. विं.चे मूळ वाचकही होती. पुस्तकाचा वाचक आणि मालिकेचा प्रेक्षक एकच असावा ही घटना मराठीत पुन्हा क्वचितच घडली असेल. आणि त्यामुळेच गोंधळ झाला. ‘सर्वांना माहीत’ असे लिहिणारेही त्याच घरांतले होते. वृत्तपत्रीय आठवणींतून तयार झालेला दूरदर्शनचा हा सुवर्णकाळ खेड्यातल्या वर्गात सांगू लागलो की विद्यार्थी नम्रपणे ऐकतात, वहीत उतरवून घेतात, आणि त्यांच्या चेहऱ्यावर काहीही उमटत नाही. दोष त्यांचा नाही. दुसऱ्याच्या घरातल्या आठवणी त्यांना इतिहास म्हणून दिल्या जात आहेत.

मग राहतो तो साधनांचा प्रश्न. नाटकाचा नट निदान परीक्षणांत उरतो. केशवराव भोसले किंवा गणपतराव जोशी यांच्यावर आपण आजही लिहितो ते तेवढ्याच आधारावर. चित्रपटाचा नट फिल्मवर उरतो. १९४०चे जोग शोधले तर सापडतात. दूरदर्शनच्या त्या काळातल्या नटाची दोन्हीकडून पंचाईत. वृत्तपत्रे नाटकाचे परीक्षण छापत, मालिकेच्या भागाचे छापत नसत. ते काल रात्री झाले, संपले. आणि चुंबकीय टेप महाग, ती पुसून पुन्हा वापरता येते हाच तिचा गुण. ही चाल जगभर होती. बीबीसीसारख्या संस्थेनेही साठच्या दशकातले कितीतरी कार्यक्रम असेच पुसले आणि पुढे ते शोधत बसली. ज्याला आपण आज ठेवा म्हणतो तो तेव्हा कपाटातली अडचण होती.

चिं. वि. जोशी स्वतः पाली भाषेचे आणि बौद्ध वाङ्मयाचे अभ्यासक होते. बडोद्यात त्यांनी पाली शिकवले, आणि पुढे संस्थानच्या दप्तरखान्याचे काम पाहिले. जुने कागद नीट लावून ठेवणे हा त्यांचा पेशा होता. त्यांच्या पात्राला देह देणाऱ्या नटाचे कागद मात्र लावले गेलेले नाहीत. याचा खेद करत बसण्यात अर्थ नाही. आपल्याकडे हे जुनेच आहे. आमच्या बारामतीला मोरोपंत (१७२९–१७९४) राहिले. त्यांच्या आर्या छापल्या गेल्या, संपादित झाल्या, त्यांवर प्रबंध झाले. परंतु त्या आर्या गावोगाव पोहोचल्या त्या कीर्तनकारांच्या तोंडून. आर्येच्या कोणत्या चरणावर थांबायचे, कुठे श्रोत्यांकडे पाहायचे, कुठला शब्द दोनदा घ्यायचा हे ठरवणारी ती माणसे. त्यांतल्या एकाचेही नाव माझ्या विद्यार्थ्यांना सांगता येत नाही, आणि खरे सांगायचे तर मलाही दोन-तीनच सांगता येतात. संहिता उरते, सादर करणारा जातो. फरक इतकाच की कीर्तनकाराच्या काळी त्याचे सादरीकरण साठवण्याचे साधन नव्हते. कर्वे यांच्या काळी होते.

तेव्हा निदान जे हाताशी आहे ते तरी करता येईल. ज्यांनी ती मालिका पाहिली ती माणसे आज साठी-सत्तरीत आहेत. त्यांना गोष्ट विचारू नये, ती पुस्तकात आहे. काय दिसले ते विचारावे. कोण कुठे बसत असे, संच कोणाच्या घरी होता, खोलीत किती माणसे असत, कोणाचा चेहरा आठवतो, कोण कसे चालत असे. मराठी विभागांच्या प्रकल्पांसाठी दरवर्षी ग्रामीण कादंबरीतील स्त्रीचित्रणाचे तेच ते विषय दिले जातात. त्यांतला एखादा बाजूला ठेवून हा घ्यायला हरकत नसावी. या वर्षी मी तीन विद्यार्थ्यांना तो दिला आहे. त्यांपैकी दोघांना पुण्यात नातेवाईक आहेत. तिसरा कोऱ्हाळ्याचा. त्याने आपल्या गावात टीव्ही केव्हा व कोणाकडे आला याची यादी करायला घेतली आहे, आणि माझ्या मते ती इतर दोघांच्या कामाइतकीच मोलाची ठरेल.

गेल्या महिन्यात आम्ही चिमणरावांची एक कथा वर्गात मोठ्याने वाचली, पात्रे वाटून घेऊन. चिमणरावांचे निवेदन मोठे असल्याने ते चौघांत वाटले. काऊ, मोरू, आई असे एकेक जण वाचत गेले, आपापल्या बाकावर बसून, पुस्तकात मान घालून. गुंड्याभाऊची वाक्ये त्या कोऱ्हाळ्याच्या मुलाकडे होती. त्याची पाळी आली तसा तो उठून उभा राहिला. मी म्हटले, “बसून वाच.” तो म्हणाला, “बसून जमत नाही सर.”